मुदतीचा शेवटचा दिवस
गहाण घर सोडवण्याचा शिंपीणबाईंचा दावा न्यायाधीशांनी एक दिवस उशिरा आला म्हणून फेटाळला होता. शेवटच्या दिवशी कोर्टाला कुलूप होतं, ही सबब त्यांना पटली नव्हती. आता त्या फेरविचार मागत होत्या. "नवा पुरावा असेल तरच निकाल बदलतो," ते गुरगुरले. बाईंनी फोटो पुढे केला. त्यात लग्नाच्या मांडवात, एका हातात दाव्याचे कागद, दुसऱ्यात ताट धरून त्या अवघडून उभ्या होत्या. आग्रहानं वाढत होते खुद्द न्यायाधीश. "अरेच्चा, माझ्या लेकीचं लग्न!" "मुदतीच्या शेवटच्या दिवशी सगळं कोर्ट तिथंच होतं, साहेब. मी कागद पुढे केले, तुम्ही म्हणालात, आधी जेवा, उद्या बघू." "आधी का नाही दाखवलात?" "फोटोवाल्यानं कालच दिला." न्यायाधीशांनी निकाल मागे घेतला. मग हळूच म्हणाले, "बाई, त्याच्याकडून मिळवलात कसा? आमचा अल्बम अजून लटकलाय."