हाकेचा कडा

चिमणाबाई हळदीचं ताट घेऊनच टेकाडावर चढली आणि समोरच्या कड्याकडे तोंड करून उभी राहिली. मधे दरी. तिनं आधी ताटच दरीत भिरकावलं. हळद, तांदूळ, सुपाऱ्या, सगळं गेलं.

“खा मेल्या,” ती कड्याला म्हणाली. “जेवण मागून येतंय.”

इगतपुरीच्या पलीकडच्या त्या डोंगरात लहान पोरालाही ठाऊक आहे, की हा कडा नावाचा भुकेला. त्याच्यासमोर ज्याचं नाव मोठ्यानं घ्यावं, त्याला तो बोलावतो. माणूस असेल तिथून उठतो, हसत हसत चालत येतो आणि दरीत पाय टाकतो. म्हणून गावात कुणी कुणाला नावानं हाक मारत नाही. शीळ घालतात, टाळी वाजवतात. मागच्या पावसाळ्यात शहरातून सहलीला आलेल्या एका शहाण्यानं गंमत म्हणून स्वतःच्याच नावाची आरोळी ठोकली. मित्रांनी चारी बाजूंनी धरला होता. तरी गेला.

“ए भवाने!” खालून नवरा आला, धापा टाकत. नवऱ्याचं नाव हिरामण. आपण कड्यापासून लांब आहोत, म्हणून सांगायला हरकत नाही. “पाव्हणे ताटकळलेत मांडवात. हळद कुठाय?”

“दरीत. लगीन मोड, नायतर तूबी तिकडंच जाशील.”

मांडवाशेजारी मुकादमाची ट्रॅक्स गाडी उभी होती. निफाडच्या द्राक्षबागांना मजुरांच्या टोळ्या पुरवणारा मुकादम, चाळिशी उलटलेला, पहिली बायको हाकलून दिलेला. त्याला चिमणाबाईची पोर संध्या हवी होती. संध्या नववीत होती. आणि या हिरामणला हवी होती टोळीवरची मेटगिरी: आपण सावलीला बसायचं, दुसऱ्यांना उन्हात जुंपायचं. पोटच्या पोरीच्या बदल्यात सावली घेणारा बाप! चिमणाबाईच्या अंगाची नुसती लाही होत होती. मुकादमाला दरीत बोलावून काय उपयोग, एक गेला तर हा दुसरा शोधून आणील. मूळच उपटायला हवं होतं.

“नाव घीन तुजं,” ती ओरडली. “कड्यासमोर घीन!”

हिरामण घाबरला का? छे! तो कमरेवर हात ठेवून हसायलाच लागला.

“घे की! घे, घे, लाजू नको. उखाण्यात घे.”

लग्नात बायका असंच म्हणाल्या होत्या. घे ना गं, घे ना. तेव्हा तिनं दार लावून, पदरात तोंड खुपसून एकदा ते नाव घेतलं होतं. त्यानंतर कधीच नाही. रेशनच्या दुकानात नवऱ्याचं नाव विचारलं की शेजारीण सांगायची. मार खाताना आईचं नाव तोंडात आलं, देवाचं आलं, ते एक आलं नाही.

पण आज राग डोक्यात गेला होता. तिनं दोन्ही हात तोंडाशी धरले.

“कड्याच्या कपारीला करवंदं काळी काळीऽऽ”

“काळी काळीऽऽ,” कडा म्हणाला, आणि गप्प झाला. पुढचं ऐकायला थांबला.

तिनं तोंड उघडलं. नाव जिभेवर आलं आणि तिथंच रुतलं. पुन्हा जोर केला. घशातून नुसती हवा निघाली. आई, आजी, सासू, सगळ्यांनी मिळून जीभ बांधून ठेवली होती जणू. डोळ्यांतून पाणी आलं, पण नाव काही येईना. स्वतःच्या जिभेचा तिला इतका संताप आला, की तिनं ती दातांखाली रगडली.

“झालं?” हिरामणनं पुढं होऊन तिचा अंबाडा धरला. “नवऱ्याचं नाव घेणारी अजून जल्माला यायचीय. चल खाली. पोरीला दुसऱ्या ताटातली हळद लावू.”

“आई, मला येतं.”

संध्या वाटेवर उभी होती. नव्या पिवळ्या लुगड्यात पाय अडखळत ती वर आली होती.

“काय येतं?” हिरामण खेकसला.

“तुमचं नाव. शाळेत रोज सांगते. आधी माझं, मधे तुमचं.”

हिरामणचा हात अंबाड्यावरून सुटला. हा विचार त्याला कधी शिवलाच नव्हता.

“पोरी, बाप हाय मी तुजा...”

संध्या त्याच्याकडे बघतही नव्हती. तिचा चेहरा रागानं तांबडाभडक झाला होता. ती कड्याकडे वळली आणि छाती भरून ओरडली.

“हिऽऽऽ”

“हिऽऽऽ,” कडा लगेच म्हणाला.

हिरामणचा डावा पाय आपोआप उचलला गेला आणि दरीच्या दिशेनं पडला. मग उजवा. ओठ हसायला लागले आणि डोळे भीतीनं पांढरे झाले. त्यानं करवंदीच्या जाळीला मिठी मारली. काटे तळव्यात घुसले, तरी पाय ओढतच होते.

“मोडलं!” तो किंचाळला. “लगीन मोडलं! आईची आण! गाडी माघारी धाडतो!”

चिमणाबाईनं पोरीच्या तोंडावर हात ठेवला. नाव अजून संध्याच्या गालात होतं. चिमणाबाईला ते तळहाताला लागत होतं. जाळीत अडकलेल्या नवऱ्याकडे तिनं एकदा बघितलं.

“पुरं,” ती पोरीला म्हणाली. “बाकीचं जपून ठेव. लागंल.”