इलाझची वात

"दरवाजे लावा," दीपमाय म्हणाली, आणि भर दुपारी घुमटात अंधार झाला.

बर्हून तांबटाने दिवा चौथऱ्यावर ठेवला. वातीच्या मुळाशी लाल धागा बांधलेला होता. तो दीपमायच्या समोर येईल असा दिवा त्याने फिरवून घेतला. त्याच्या बायकोने, इलाझने, मरण्याआधी तसं बजावून ठेवलं होतं.

सिर्दानमध्ये शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं की मन म्हणजे उजेड, आणि उजेड मरत नाही. शेवटचा श्वास सुटतो तेव्हा उशाशी दिवा लावतात. मन त्या ज्योतीत उतरतं. मग घुमटात त्या ज्योतीवरून मेलेल्याची स्वतःची वात पेटवायची. ही वात ज्याची त्याने जिवंतपणीच वळून ठेवलेली असते. ज्योत सरळ राहिली, तर माणूस आपल्या मरणाने गेला. कुणाकडे कलली, तर त्यानेच त्याला मारलं. मग त्याचाही उजेड काढून घेतात. कोपऱ्यात कळीच्या चुन्याचं मडकं तयारच होतं.

बर्हूनने वैद्याकडे बोट दाखवलं होतं. युनार वैद्य तरणा होता, सिर्दानमध्ये नवा होता. त्याचा काढा घ्यायला लागली आणि आठवड्यात इलाझ गेली.

"काका, अजून विचार करा," युनार म्हणाला. "माझ्या काढ्याने आजवर कुणी मेलेलं नाही."

"मेलेला सांगायला कशाला येतोय, वैद्यराज!" मागून कुणीतरी म्हणालं. अंधारात खसखस पिकली.

"मी एवढंच सांगत होतो की खिडकी उघडा. तिला उन्हात बसू द्या. चार दिवस बहिणीकडे पाठवा."

"माझ्या बायकोला कुठे बसवायचं ते तू मला शिकवणार?" बर्हूनचा आवाज चिरकला.

बायका कुजबुजल्या. नवरा असावा तर असा. इलाझला त्याने लग्नापासून वारासुद्धा लागू दिला नव्हता. डोंगरावरचं वारं तिला बाधेल म्हणून खिडक्यांना फळ्या ठोकल्या होत्या. दुकानात जाताना दाराला कुलूप लावून किल्ली कमरेला बांधायचा. ती रोडावली तेव्हा स्वतःच्या हाताने जवाची पेज भरवायचा, आणि तिने तोंड फिरवलं तरी भरवायचा. संध्याकाळी तो घरी आला की ती त्याच्या अंगरख्यात अडकलेले तारांचे तुकडे एकेक करून वेचायची. बोलायची नाही. पण वेचायची. तेवढ्याने त्याचा दिवस भरून यायचा.

गेल्या हिवाळ्यात तिने थोडा कापूस मागितला आणि अंथरुणात बसून वात वळली. दुसरं काही तिने कधी मागितलं नव्हतं. घुमटातलं सगळं त्याच्याकडून विचारून घेतलं. तेल कोण घालतं, धागा कुणीकडे येतो, कोण कुठे उभं राहतं. "मागे तुमची धावपळ नको," म्हणाली. त्याच दिवसांत कधीतरी ती एकदा हसली होती. ते हसू बर्हूनने जपून ठेवलं होतं.

"आपापल्या जागी उभे राहा," दीपमाय म्हणाली.

बर्हून दिव्याच्या उजव्या हाताला गेला, वैद्य डाव्या. बर्हून एका पायावरचा भार दुसऱ्यावर टाकत होता. चार रात्री त्याला झोप नव्हती.

"काका, तुम्ही इकडे या," युनार हळूच म्हणाला. "इकडे टेकायला भिंत आहे. पडाल तिथे."

"आता गोड बोलून काय उपयोग?"

"बोलतोय म्हणून नका येऊ. पाय दुखतायत म्हणून या."

बर्हूनने दीपमायकडे पाहिलं.

"उभा राहा रे कुठेही," म्हातारी म्हणाली. "ज्योतीला जागा कळत नाही, माणूस कळतो."

दोघांनी जागा बदलल्या. बर्हून भिंतीला टेकला. बरं वाटलं.

दीपमायने उशाच्या दिव्यावरून वात पेटवली. ज्योत उभी राहिली, थरथरली, आणि सगळ्यांच्या देखत हळूहळू वैद्याकडे कलली. ती तशीच राहिली, जणू बोट दाखवतेय.

"मी नाही," युनार म्हणाला. "माय, तुझी शपथ. मी तिला..."

पुढचं बर्हूनने ऐकलं नाही. त्याला रडू फुटलं होतं. तिघाचौघांनी पोराला धरलं. डोळ्यांत चुना भरला तेव्हा तो आईला हाक मारत होता. "बायकोने न्याय मिळवला रे तुझ्या," कुणीतरी बर्हूनच्या पाठीवरून हात फिरवत म्हणालं.

रिवाजाप्रमाणे तो दिवा घरी घेऊन आला. फळ्या ठोकलेल्या खोलीत, तिच्या अंथरुणाशेजारी कोनाड्यात त्याने तो ठेवला.

"झालं गं," तो म्हणाला. "आता स्वस्थ राहा."

ज्योत उजवीकडे कललेली होती. तिकडे नुसती भिंत होती.

वारा असेल म्हणून त्याने फळ्या चाचपल्या. फट नव्हती. त्याने दिवा अर्धा फिरवला. ज्योत दिव्याबरोबर फिरली आणि दिव्याच्या त्याच अंगाला कलून राहिली.

त्याने ती चिमटीत विझवली. वात ओढून काढली आणि उसवली. कापसाच्या आत केसासारखी तांब्याची तार होती, तुकड्याला तुकडा पिळून जोडलेली. टोकाला उजवीकडे वाकवलेली. तार त्याच्याच दुकानातली होती.

बाहेरून कुणाला तरी धरून नेत होते. "पायरी आहे, बाळा, पायरी," एक बाई रडत सांगत होती.

बर्हून अंधारात तिच्या अंथरुणावर बसला. हिवाळ्यातला तो दिवस त्याला पुरता आठवला.

"आणि तुम्ही कुठे उभे राहाल?" तिने विचारलं होतं.

"तुझ्या उजव्या हाताला," तो म्हणाला होता. "नवऱ्याची जागा तीच."

तेव्हा ती हसली होती.