शब्द दिलेला अंधार

पडद्यावर नटी उन-ब्योलचा चेहरा उजळला आणि मेंग गी-ह्वान खुर्चीत ताठ झाला. हा चेहरा दिसायचाच नव्हता. कॅमेरामन तो स्वतः. या दृश्यात तो त्याने काळोखात ठेवला होता.

सोलमधल्या त्या छोट्या थिएटरात फक्त सिनेमाची माणसं होती. उन-ब्योल त्याच्या शेजारीच बसली होती. पडद्यावर ती मेलेल्या लेकीच्या फोटोपुढे कोसळत होती. ओठ वेडेवाकडे, नाक वाहतंय. तिची स्वतःची, खरीखुरी लेक जाऊन अजून वर्ष झालं नव्हतं. या दृश्याला ती तयारच नव्हती. शेवटी गी-ह्वानकडे आली.

"सर, मी रडेन. पण ते रडणं माझ्या पोरीचं आहे, लोकांचं नाही. आवाज घ्या. चेहरा नको."

त्याने शब्द दिला. दिग्दर्शक दो-ग्यूननेही दिला. मग खिडकीच्या उजेडापुढे तिची नुसती काळी आकृती धरून त्याने ते दृश्य घेतलं.

आता ती उठली आणि कोट खुर्चीवरच टाकून बाहेर गेली.

दिवे लागताच गी-ह्वानने दो-ग्यूनला दाराशी गाठलं. दोघांची जवानी एकत्र सिनेमे करण्यात गेली होती.

"गळा कापलास तिचा! माझाही कापलास. कशाला हात लावलास माझ्या काळोखाला?"

"ओरडू नकोस, दादा. निर्मात्याला तिचा चेहरा हवा होता. मी रंग सुधारणाऱ्या पोरीला म्हटलं, बघ काही निघतंय का. निघेल असं मलाही वाटलं नव्हतं."

"आपण शब्द दिला होता!"

"दिला होता. मी मोडला, मान्य. पण नुसत्या काळोखातून चेहरा वर काढता येत नाही, दादा. तिच्या तोंडावर उजेड होता. अगदी थोडा, पण नेमका. तो कुणी टाकला?"

गी-ह्वान वळला. कोट न्यायला परत आलेली उन-ब्योल मागेच उभी होती.

"सांगा ना त्यांना, सर," ती म्हणाली. "तुम्ही नाही टाकला म्हणून."

शॉटच्या आधी तिच्या गुडघ्यांपाशी, कॅमेऱ्यात येणार नाही असा, खिडकीचा उजेड तिच्या तोंडावर परतवणारा पांढरा पुठ्ठा गी-ह्वाननेच ठेवला होता. इतका खरा चेहरा वाया जाऊ देणं त्याच्याच्यानं झालं नव्हतं.