पायपुसण्याचा तुकडा

उत्रोलीच्या घरात काथ्याचं नवं पायपुसणं आणलं, तर दार त्याला अडकायला लागलं. म्हणून सुलक्षणानं ते कडेनं कापून बेताचं केलं. उरलेला वीतभर तुकडा तिनं घरामागं, भिंतीच्या कडेला टाकला.

सकाळी त्या तुकड्यावर काळा, ओला चिखल होता. कुणीतरी घासून घासून पाय पुसले होते.

“तुमी मागं गेला व्हता का?” तिनं नवऱ्याला, गोरखला हाक मारून विचारलं.

“न्हाई बा,” तो येऊन म्हणाला. “आन वैशाखात चिखल कुठला? समदी खाचरं भेगाळल्यात.”

चिखलाची पावलं शेताकडून आली होती आणि तुकड्यापाशी संपली होती. परत फिरलेलं एकही पाऊल नव्हतं. त्या भिंतीला दार तर सोडाच, खिडकीही नव्हती.

सुलक्षणा घरात धावली. आतल्या बाजूला, भिंतीपासून निघालेली ओली, स्वच्छ पावलं फरशीवरून थेट पाळण्यापर्यंत गेली होती.

तान्ही लेक जागी होती. गोरख अजून बाहेरूनच हाका मारत होता. लेक मात्र सुलक्षणाच्या खांद्यावरून मागं, वर कुणाकडं तरी बघत होती आणि उचलून घ्यायला हात पसरत होती.