नासारिओचा कोट

घर अजून निजलेलं होतं. दाराची कडी वाजली.

"वहिनी, एक कोट द्या!" वाटाड्या एव्हारिस्तो दारात उभा. "पाच जणांना घेऊन वर निघालोय, त्यातली एक बया सुती सदऱ्यात आलीय. तिला वाटलं, ज्वालामुखी म्हणजे वर ऊबच असणार!"

डोंगरावर जाणाऱ्यांना आम्ही गावातल्या बायका कोट भाड्याने देतो. माझे सगळे आदल्या दिवशीच गेले होते. उरला होता तो माझ्या नवऱ्याचा, उशाशी ठेवलेला. नासारिओही वाटाड्याच होता. दोन वर्षांपूर्वी कामासाठी सीमेपलीकडे उत्तरेला गेला, तेव्हापासून मी तो कोट धुतलेला नव्हता. आमची लेक चाबेला त्याच्या कॉलरमध्ये नाक खुपसल्याशिवाय झोपत नसे.

"तो नको," मी म्हणाले.

"दादाने तर अंगावरचा काढून दिला असता, वहिनी."

ते खरंच होतं. मी कोट दिला.

तिसऱ्या दिवशी ती बाई स्वतः कोट घेऊन आली. घडी हातात ठेवत संकोचून म्हणाली, "राखेने फार माखला होता हो. असा कसा परत करायचा? म्हणून हॉटेलात दोनदा धुऊन घेतला."

एवढ्या चांगल्या बाईला काय बोलणार? मी तिला कॉफी पाजली.

दुपारी चाबेला कोट घेऊन आडवी झाली. कॉलरमध्ये नाक घातलं, बाहेर काढलं, मग बाहीत घातलं. बराच वेळ हुंगत राहिली.

"आई, बाबाचा वास कसा होता गं?"