क्लिफर्डचा माईक

“आधी की नंतर, एवढंच सांग पोरी,” मेव्हिस म्हणाली.

कार्यक्रमवाली टॅम्सिन मांडीवर लॅपटॉप घेऊन क्लिफर्डच्या जागी बसली होती. घरात सोफ्यावर बसून टीव्ही बघणाऱ्या माणसांनाच टीव्हीवर दाखवायचं, असा तो कार्यक्रम. सहा वर्षं मेव्हिस बडबडायची आणि शेजारी तिचा नवरा क्लिफर्ड पेंगायचा. त्याची मान कलली की ती टाळी वाजवून म्हणायची, “गेला माझा म्हातारा! फुलं मागवा!” सगळा देश खो खो हसायचा. त्यांच्या बोल्टन गावचे बसवालेसुद्धा तिला बघून तेच ओरडायचे. अजूनही कुणीतरी विसरून ओरडतोच.

मार्चमधल्या त्या गुरुवारीही ती तेच म्हणाली. अकरा मिनिटांनी कॅमेऱ्यांच्या बॅटऱ्या बदलायला स्वयंपाकघरात बसलेली शूटिंगची माणसं आली, तेव्हा क्लिफर्ड खरंच गेलेला होता. त्या दिवसापासून मेव्हिसच्या डोळ्याला डोळा नाही. आपण दात काढत होतो तेव्हा तो जिवंत होता का? वळून बघितलं असतं तर वाचला असता का?

आता त्याच्या आठवणीत एक खास भाग निघणार होता. त्यासाठीच टॅम्सिन आली होती.

“तुम्ही बोललात त्याच्या आधीच गेले होते ते,” टॅम्सिन म्हणाली. “झोपेत. तुमच्या हातात काही नव्हतं हो.”

“मग दाखव.”

पडद्यावरच्या मेव्हिसनं टाळी वाजवली. फुलं मागवली. पुढे नुसती तिचीच टकळी. क्लिफर्डचे डोळे मिटलेले.

“याचं काहीच ऐकू येत नाही.”

“त्यांच्या कॉलरच्या माईकचं वेगळं रेकॉर्ड व्हायचं. पण आमच्यातलं कुणी ते कानाला लावायचंच नाही.” टॅम्सिन चाचरली. “घोरणंच असायचं ना.”

“लाव ते.”

दोघींनी हेडफोनचा एकेक कान लावला. आधी तीच टाळी आणि ‘फुलं मागवा!’ आलं, मग शर्टाची खसखस. मग धाप. मग अगदी हळू, संकोचल्यासारखा आवाज:

“मेव्हिस, जरा हात धर गं.”

आणि लगेच तिचा स्वतःचा, खणखणीत: “शूऽऽ! घोरू नकोस मेल्या, शूटिंग चालू आहे!”

मेव्हिसचा हात आपोआप बाजूला गेला. तिथं टॅम्सिन होती. तिनं घाईघाईनं लॅपटॉप मिटला.

“हे कुठंही जाणार नाही, मेव्हिसबाई. शब्द देते.”

“जाऊ दे की टीव्हीवर,” मेव्हिस म्हणाली. “फक्त माझा आवाज बंद कर.”