द्वारकाबाईंचा फेरफार

दिनांक १४ मार्च २०६१, सकाळचे अकरा. न्यायालयात माणसे तीन, आवाज चार. चौथा आवाज द्वारकाबाईंच्या दिवंगत नवऱ्याचा होता. सातबाऱ्यावर नाव असेपर्यंत खातेदाराचा आवाज यंत्रात चालू राही आणि शेतातली मोटर त्याच्याच हुकमाने सुरू होई. वारसनोंदीच्या दिरंगाईविरुद्ध बाईंनी रागाने दावा लावला होता. चार वर्षांत राग ओसरला आणि त्या आवाजाशी संध्याकाळच्या गप्पांची सवय जडली.

न्यायाधीश तलाठ्याला म्हणाले, "नोंद आत्ताच करा. बाई, हरकत आहे?"

बाई घुटमळल्या. यंत्र बोलले, "अगं, टेकव अंगठा. कुठवर माझ्या हुकमाने मोटर चालवशील?"

"तुम्ही गप्प बसा हो!" असे म्हणून त्यांनी अंगठा टेकवला.

नोंद झाली. संध्याकाळी घरी माणसे एक, आवाज एक.